ज्याचा त्याचा अंक

‘ओघ’ कंपनीचं नियुक्तिपत्र आलं तेव्हा मला आधी बरं वाटलं, आणि मग बरं वाटल्याची लाज वाटली. ज्या कंपनीच्या विरोधात मी आठ महिने लिहीत होते तिनंच मला नोकरी देऊ केली होती. पदाचं नाव ‘वाचक कल्याण सल्लागार’. वाचकांचं कल्याण म्हणजे नेमकं काय करायचं ते पत्रात नव्हतं, पण आठवड्याला दोन सुट्ट्या होत्या आणि काम संध्याकाळी सहाला संपणार होतं. बावीस वर्षं वर्तमानपत्रात काढलेल्या बाईला एवढं पुष्कळ झालं.

मी रोहिणी मगदूम, सांगलीच्या ‘दैनिक संगमवार्ता’ची मुख्य वार्ताहर. मुख्य अशासाठी की आता आम्ही दोघंच उरलो आहोत, आणि दुसरा फक्त क्रिकेट बघतो.

आठ महिन्यांपूर्वी मी एक साधी मोजणी केली होती. ओघनं आमच्या भागातल्या चौदा दैनिकांना छपाईचं नवं यंत्र आणि ते चालवणारी प्रणाली फुकट दिली होती. यंत्र यायच्या आधीच्या वर्षात या चौदा दैनिकांत मिळून ओघच्या विरोधात दोनशे बारा बातम्या आल्या होत्या. यंत्र आल्यानंतरच्या वर्षात नऊ. आणि त्याच वर्षात शेंडेमाळावर ओघचं डेटा सेंटर उभं राहिलं, ते थंड ठेवायला खोल बोअर मारले गेले आणि आसपासच्या सहा गावांच्या विहिरी आटल्या. तालुक्याच्या वार्ताहरांनी बातम्या पाठवल्या होत्या, छापल्या कोणीच नव्हत्या. यावर मी अठ्ठावीस लेखांची मालिका लिहिली, कागदपत्रांसकट आणि नावानिशी. आणि आमच्या संपादकांनी, खोटं कशाला बोलू, सगळे लेख पहिल्या पानावर घेतले.

पुढे काहीच झालं नाही. फोन आला नाही, पत्र आलं नाही, साधी शिवीसुद्धा आली नाही. अब्रुनुकसानीची नोटीस आली असती तरी मी पेढे वाटले असते. चहाच्या टपरीवर मी मुद्दाम विषय काढायचे. समोरचा म्हणायचा, “हां हां, वाचलं की. चांगलं लिहिलंय,” आणि बिस्कीट बुडवायचा. पहिले दोन महिने मला राग आला, पुढचे दोन वाईट वाटलं, आणि त्यानंतर काहीच वाटेना. माणसं निबर झाली आहेत, आपण उगाच रक्त आटवतो आहोत, असं माझं मत पक्कं झालं होतं. नेमकं तेव्हाच ते नियुक्तिपत्र आलं.

यंत्राबद्दल थोडं सांगायला हवं. पूर्वी छपाईला प्लेट लागायची. एकदा प्लेट चढली की पन्नास हजार अंक एकसारखे बाहेर पडायचे. नव्या यंत्रात प्लेटच नाही. शाईचे बारीक फवारे प्रत्येक कागदावर अक्षरं नव्यानं उठवतात, त्यामुळे प्रत्येक अंक वेगळा काढायला जास्तीचा वेळ लागत नाही. अंकाच्या माथ्यावर वर्गणीदाराचं नाव असतं. वयस्कर माणसाला टाइप मोठा, द्राक्षवाल्याला बाजारभाव पहिल्या पानावर, वाढदिवस असला तर शुभेच्छा. लोकांना हे फार आवडलं. लोक त्याला ‘नावाचा अंक’ म्हणायला लागले.

या सगळ्याच्या मुळाशी ‘वार्ताथकवा’ नावाची कल्पना होती. वाईट बातम्या सोसायची माणसाची एक मर्यादा असते. ती ओलांडली की तो वाचायचंच सोडतो. ओघची प्रणाली हा थकवा मोजायची. फोनवर वाचताना डोळा कुठल्या ओळीवर अडला, बोट कुठे घाईनं पुढे सरकलं, मनगटावरच्या घड्याळात नाडी कुठे वाढली, यावरून शून्य ते शंभर असा एक आकडा निघायचा. कागद वाचणाऱ्यांचा आकडा घरातल्या फोनवरून आणि शेजाऱ्यापाजाऱ्यांवरून ताडला जायचा. ज्याचा आकडा जास्त, त्याला बातम्यांची मांडणी जरा सौम्य. मांडणी म्हणजे क्रम, फोटो, फार तर मथळा. मजकुराला कोणी हात लावत नाही, असं आम्हाला प्रशिक्षणात सांगितलं होतं. त्या दिवशी जेवणात श्रीखंड होतं, त्यामुळे फारसे प्रश्न कोणी विचारले नाहीत. मीही नाही.

ओघमध्ये रुजू व्हायला दहा दिवस होते. पदवीचं प्रमाणपत्र आणि ‘कामाचे नमुने’ मागितले होते. नमुने म्हणून मी माझे अठ्ठावीस लेखच एका फायलीत घातले. म्हटलं, बघू तरी काय तोंड करतात. प्रमाणपत्र अण्णांच्या ट्रंकेत होतं, म्हणून रविवारी सकाळी अण्णांकडे गेले.

अण्णा म्हणजे माझे वडील, श्रीपाल मगदूम. वय शहात्तर. ‘संगमवार्ता’तच चौतीस वर्षं मुद्रितशोधक होते. आई गेल्यापासून मुद्रक सोसायटीतल्या दोन खोल्यांत एकटेच राहतात. सोसायटी जुन्या छापखान्यातल्या कामगारांची. एकेकाळी अक्षरांचे खिळे जुळवणारे, यंत्र चालवणारे, अंक बांधणारे सगळे तिथं राहायचे, आता त्यांतले निवृत्त तेवढे उरलेत.

ट्रंकेत प्रमाणपत्राच्या खाली कात्रणवह्या होत्या. माझी पहिली बातमी छापून आली त्या दिवसापासून अण्णा माझ्या बातम्यांची कात्रणं काढून खळीनं वहीत चिकटवायचे. पाच जाडजूड वह्या. मी पाचवी उघडली. शेवटचं कात्रण पुलाच्या रखडलेल्या दुरुस्तीचं होतं, आठ महिन्यांपूर्वीचं. मालिका सुरू व्हायच्या आधीच्या आठवड्यातलं. पुढचं पान मोकळं दिसलं आणि मी वही मिटली. अख्ख्या सांगलीनं वाचलं नाही तरी चाललं असतं, पण अण्णांनी?

“अण्णा, वही संपली का हो?”

“कुठली?” अण्णा पाटावर बसून शेंगा फोडत होते.

“कात्रणांची.”

“नाही. पानं आहेत की.”

“मग गेल्या आठ महिन्यांतलं एकही कात्रण कसं नाही?”

अण्णांनी शेंगा फोडायचं थांबवलं नाही. “चिकटवण्यासारखं काही नव्हतं.”

मी बावीस वर्षांत पुढाऱ्यांच्या, गुंडांच्या आणि संपादकांच्या शिव्या खाल्ल्या आहेत. यापेक्षा त्या बऱ्या होत्या. मी ताडकन म्हणाले, “अठ्ठावीस लेख लिहिले मी, अण्णा! शेंडेमाळावर उन्हातान्हात हिंडून. वाचले तरी का तुम्ही?”

“सगळे वाचले.” मग जरा थांबून म्हणाले, “तुझीही काही अडचण असंल. दिवसच तसे आहेत. म्हणून तर काय बोललो नाही. आता त्यांनी नोकरीच दिली म्हणतीस. बरं झालं. आवडलं असंल त्यांना.”

“कुणाला आवडलं असेल?”

“कंपनीला. एवढं चांगलं लिहिलंयस त्यांच्याबद्दल.”

वय झालंय, काहीतरी गोंधळ होतोय, असंही एकदा मनात येऊन गेलं. अण्णा उठले, पलंगाखालून अंकांचा एक गठ्ठा ओढून काढला. “तुझे लेख आलेले अंक वेगळे ठेवलेत. कापवतही नव्हतं आणि रद्दीत घालवतही नव्हतं,” असं म्हणत त्यांनी सगळ्यांत खालचा अंक माझ्या हातात दिला. माथ्यावर ‘श्री. श्रीपाल मगदूम यांच्यासाठी’. पहिल्या पानाच्या तळाशी माझं नाव, माझा फोटो आणि मथळा: ‘यंत्राच्या साथीनं वर्तमानपत्रांना नवी उभारी’.

मी फायलीतून माझा अंक काढला. तीच तारीख, तेच नाव, तोच फोटो. मथळा: ‘फुकटच्या यंत्राची किंमत: चौदा दैनिकं गप्प’.

अण्णांनी दोन्ही अंक शेजारी ठेवले. मग खुंटीवरचा चष्मा घेतला, कोपऱ्यातलं लिहायचं डेस्क पुढे ओढलं आणि म्हणाले, “बस. वाच.”

मुद्रितं तपासायची ही जुनी पद्धत आहे. दोघं बसतात. एक जण मूळ प्रत मोठ्यानं वाचतो, सगळे आकडे, स्वल्पविराम, पूर्णविराम यांच्यासकट. दुसरा छापलेल्या मजकुरावर बोट ठेवून सरकत जातो. वाचणाऱ्यानं मान वर करायची नाही, आणि बोटवाल्यानं ‘थांब’ म्हटल्याशिवाय थांबायचं नाही. मी शाळेत असताना अण्णा दिवाळी अंकांची मुद्रितं घरी आणायचे आणि मूळ प्रत वाचायला मला बसवायचे. सहामाही परीक्षेपेक्षा मला त्याची भीती वाटायची.

मी वाचायला लागले. “ओघ कंपनीनं दिलेल्या यंत्राबरोबर एक अट आली स्वल्पविराम ती अट कुठल्याही करारात लिहिलेली नाही पूर्णविराम.”

“थांब. इथं अट नाही. इथं ‘संधी आली’ असं आहे. पुढं.”

“दोनशे बारा बातम्यांवरून संख्या नऊवर आली पूर्णविराम.”

“थांब.” अण्णांचं बोट हललं नाही. “वाचकांच्या तक्रारी दोनशे बारावरून नऊवर आल्या.”

आकडे माझे होते. नावं माझी होती. गावंसुद्धा सगळी जागच्या जागी होती. मधली वाक्यं तेवढी दुसऱ्याची होती, आणि तीही माझ्यासारखीच लिहिलेली. ‘खोटं कशाला बोलू’ हे माझं आवडतं वाक्यही यंत्रानं एके ठिकाणी वापरलं होतं. एकेचाळीस वाक्यांत अण्णांनी मला तीस वेळा थांबवलं. दुसरा लेख घेतला, मग तिसरा. चौथ्याला अण्णांनी चष्मा काढला आणि शेंगांची टरफलं गोळा करायला लागले. टरफलं केव्हाच गोळा झाली होती, तरी ते जमिनीवरून हात फिरवत राहिले.

मी आठ महिने लोकांवर चिडले होते. लोकांना मी काही सांगितलंच नव्हतं.

सोमवारी संपादकांच्या केबिनमध्ये गेले. विद्याधर नेर्लेकर हा वाईट माणूस नाही. सतत दमलेला असतो, एवढंच. दोन्ही अंक त्यांच्यापुढे ठेवले. त्यांनी ते नीट वाचले आणि कपाटातून करार काढला. कलम सतरा त्यांना शोधावं लागलं नाही, तिथं पट्टी घातलेलीच होती. ‘सहयोगी संस्थेसंबंधीचा मजकूर सर्व वाचकांस न्यूनतम मात्रेत द्यावा. लेखक व संपादक यांस मूळ मजकूर द्यावा.’

“सर, तुम्हाला माहीत होतं?”

“वाचलं होतं. मात्रा म्हणजे जागा असेल, असं वाटलं. आतल्या पानावर टाकतील फार तर.” ते खिडकीबाहेर बघत होते. “आणि रोज सकाळी माझ्या अंकात तुझा लेख पहिल्या पानावर, जसाच्या तसा दिसायचा. मलाही बरं वाटायचं गं. म्हटलं, अजून आपण छापतोय.”

“वहिनींच्या अंकात काय यायचं?”

त्यांनी करार मिटला. मग हळूच म्हणाले, “ती मला एकदा म्हणाली होती, तुमची रोहिणी हल्ली फार गोड लिहिते. मी म्हटलं, तुला उपरोध कळत नाही.”

मला हसू आलं. त्यांनाही आलं असावं, पण ते हसले नाहीत. यंत्र परत करा, असं मी म्हणाले, तर त्यांनी नकारार्थी मान हलवली. जुनं यंत्र भंगारात गेलंय. ते चालवणारे मुद्रक सोसायटीत औषधाच्या गोळ्या मोजत बसलेत. अंक बंद ठेवणं किंवा हाच अंक काढणं, एवढंच त्यांच्या हातात होतं. “आणि हे सगळं तू उद्या लिहिलंस तरी मी पहिल्या पानावर घेईन,” ते म्हणाले. “तुला आणि मला दिसेल.”

दुपारी मी ओघमध्ये फोन लावला, मृण्मयी बोलली. माझी नेमणूक तीच बघत होती. आवाज इतका मायेचा की भांडायला तोंड उघडत नाही.

“ताई, आम्ही एकही बातमी दाबलेली नाही. सगळ्या छापून आल्यात. तथ्यं तीच आहेत. फक्त ज्याला जेवढं झेपतं तेवढं आम्ही देतो. तुमचे लेख जसेच्या तसे दिले असते ना, तर साठ टक्के वाचकांनी तिसऱ्या लेखाला अंक बंद केला असता. मग तुम्ही कुणासाठी लिहिलं असतं?”

मी विचारलं, “मला नोकरी का देताय?”

“आम्हाला अनुभवी माणसं हवीत.”

“आठ महिन्यांपूर्वी का नाही विचारलंत?”

ती जरा अडखळली. खोटं बोलायची सवय नसावी बिचारीला. “तेव्हा तुमचा आकडा चाळीस होता, ताई. साठच्या खाली असताना विचारलं तर माणसं चिडतात. आता पंच्याऐंशी आहे. या वेळेला माणसांना विश्रांतीची गरज असते.”

फोन ठेवल्यावर मी मनगटावरचं घड्याळ काढून टेबलाच्या खणात टाकलं. वर्तमानपत्रानंच दिलं होतं ते, सगळ्या कर्मचाऱ्यांना, पाडव्याला. मला त्यांनी गप्प बसवलं नव्हतं. मला पोटभर बोलू दिलं होतं आणि समोर फक्त शांतता ठेवली होती. बाकीचं काम माझ्या थकव्यानं केलं.

एक गाठ अजून होती. सुमन खरात. शेंडेमाळाची तालुका वार्ताहर, एकोणीस वर्षं स्कूटरवरून बातम्या गोळा करणारी. तिच्या परत आलेल्या बातम्यांच्या जोरावर माझा सहावा लेख उभा होता. तो छापून आल्यापासून तिनं माझा फोन घेतला नव्हता. तिलाही कंपनीनं गप्प केलं, असं मी धरून चालले होते. बुधवारी तिच्या दारात जाऊन उभी राहिले तर तिनं दार अर्धंच उघडलं.

“या की मॅडम. आता काय लिवायचं राह्यलंय माझ्याबद्दल?”

“सुमनताई, तो अंक आहे का तुमच्याकडे?”

होता. देवाच्या फोटोमागे घडी करून ठेवलेला. तिच्या अंकात मी लिहिलं होतं की तालुक्याच्या जुन्या वार्ताहरांना नवं तंत्र जमलं नाही, म्हणून त्यांच्या बातम्या मागे पडल्या. उदाहरण म्हणून तिचं नाव. गावानं तो लेख वाचला होता. नवऱ्यानं वाचला होता. मी दारातच उभी राहून माझा अंक मोठ्यानं वाचला, आणि तिनं तिच्या अंकावर बोट ठेवलं. दुसऱ्या परिच्छेदाला ती पायरीवर बसली.

“सा म्हैने तुमास्नी शिव्या घातल्या ओ मी,” ती म्हणाली. “रोज घातल्या.”

“आणि मी तुम्हाला.”

मग तिनं चहा टाकला.

लेख लिहून उपयोग नव्हता. फोनवर पाठवला तरी तो ओघच्याच प्रणालीत उघडणार आणि उघडणाऱ्याला त्याच्या आकड्याप्रमाणे दिसणार. तोड काढली ती अण्णांनी. “अंक ज्याचा त्याचा आहे ना? मग ज्याचा त्याचा घेऊन येऊ द्या. मूळ प्रत तू वाच. बोटं त्यांची.” सोसायटीतले म्हातारे दारोदार फिरले, सुमननं सहा गावं स्कूटरवरून पालथी घातली. निरोप एवढाच होता की रद्दीतून माझा पहिला लेख आलेला, आठ महिन्यांपूर्वीचा चौदा तारखेचा अंक शोधा आणि रविवारी दहाला सोसायटीच्या हॉलमध्ये या.

एकतीस जण आले. मी मोजले. त्यांतले बरेचसे, म्हातारे दारात येऊन बसले म्हणून भिडेखातर आलेले. अण्णांनी नियम सांगितला. “बाई वाचतील. तुमच्या अंकात ते वाक्य नसंल तर हात वर करायचा. मधी बोलायचं नाही.”

पहिल्या वाक्याला नऊ हात वर आले. दुसऱ्याला वीस. चौथ्याला सगळे. मग लोकांनी शेजारच्याच्या अंकात डोकावायला सुरुवात केली, आणि अण्णांचा नियम मोडला. “अरे, तुझ्यात तर विहिरीचं नावच नाही.” “माझ्यात गावकऱ्यांनी आभार मानलेत.” “आम्ही कधी मानले रं?” दोन भाऊ होते, एकाच वस्तीतले, एकाच बांधाचे. त्यांचं डेटा सेंटरवरून वर्षभर भांडण चाललं होतं, आणि दोघंही एकमेकांना ‘पेपरात आलंय, वाच की’ म्हणून सुनावत होते. त्या दोघांनी आपापले अंक एकमेकांच्या हातात दिले.

एक गृहस्थ मात्र उठले. निवृत्त पोस्टमास्तर. अंकाची व्यवस्थित घडी घालून म्हणाले, “मला माझाच अंक बरा आहे. बायको आजारी आहे, मुलगा लांब आहे. सकाळी उठून हे कशाला वाचू मी?” आणि गेले. मला त्यांचा राग आला नाही. गेल्या महिन्यात मीही हेच म्हटलं असतं, जरा भारी शब्दांत. पण त्यांच्या जागी सुमन पुढे सरकून बसली आणि म्हणाली, “मॅडम, पुढचं वाचा.” पुढच्या रविवारी दुसरा लेख घ्यायचं ठरलं, आणि पाच जणांनी आपापल्या गल्लीत हेच करायचं कबूल केलं.

सोमवारी सकाळी माझा अंक आला. तिसऱ्या पानावर चौकट होती: ‘मुद्रक सोसायटीतील सभेकडे नागरिकांची पाठ, जेमतेम चौघांची उपस्थिती’. ही बातमी मी लिहिलेली नव्हती, तेव्हा मूळ मजकूर मलाही मिळणार नव्हता. सभेला मी स्वतः नसते तर शंभर टक्के विश्वास ठेवला असता. आदल्या दिवशी डोळ्यांनी एकतीस माणसं बघितली होती, तरी घटकाभर मला वाटून गेलं की खरंच, होते तरी किती जण! इतका त्या यंत्राचा माझ्यावर पगडा बसला होता.

नऊ वाजता ओघच्या ऑफिसात हजर व्हायचं होतं. आठला मी अण्णांकडे गेले. त्यांनी डेस्क मांडून ठेवलं होतं, आणि डेस्कवर पाचवी कात्रणवही.

“त्या दिवशी पुढची पानं बघितली नाहीस,” ते म्हणाले.

मी वही उघडली. पुलाच्या कात्रणानंतरचं पान मोकळं होतं, पण अगदी मोकळं नव्हतं. वरच्या कोपऱ्यात अण्णांच्या बारीक अक्षरात तारीख होती. माझ्या पहिल्या लेखाची. पुढच्या पानावर दुसऱ्याची. मग तिसऱ्याची. अठ्ठावीस पानं, अठ्ठावीस तारखा, आणि खाली कोरी जागा.

“जागा सोडून ठेवली होती,” अण्णा म्हणाले. “मला वाटलं, तू विकली गेलीस. रोज वाटायचं. पण विचारलं नाही तुला. चौतीस वर्षं दुसऱ्याच्या प्रत्येक अक्षराला शंका घेतली, आणि स्वतःच्या पोरीला एकदा विचारता आलं नाही मला.”

मला रडू आलं, आणि मी ते लपवलं नाही. लेख कसे वाटले, हे मीही त्यांना विचारलं नव्हतंच. कात्री आणायला उठले तर त्यांनी हात धरून बसवलं.

“छापलेलं नको आता. हातानं लिही. मी वाचतो.”

“अठ्ठावीस लेख, अण्णा?”

“मग? नोकरीवर जायचंय का कुठं?”

मी दमलेली होते. आठ महिन्यांचं दमणं एका रविवारात जात नाही. बोटांना पेनची सवयही उरलेली नव्हती. पर्समध्ये फोन वाजायला लागला, मृण्मयीचा असणार. अण्णांनी माझा अंक उचलला, चष्मा सारखा केला आणि मान वर न करता सुरुवात केली, “ओघ कंपनीनं दिलेल्या यंत्राबरोबर एक अट आली स्वल्पविराम...”

मी पहिली तारीख असलेलं पान सपाट केलं आणि लिहायला लागले.